बिनदिव्याची मंगनी

मेणबत्त्या तासगावहून निघाल्यात हे नूरजहांला कळलं, तेव्हा मिस्बाहच्या हातात पाटल्या चढूनही झाल्या होत्या.

खरं तर ते काम तिचं. घरातल्या थोरल्या बाईनं मंगनीच्या दिवशी मुलीला या पाटल्या घालायच्या आणि पाहुण्यांची पाठ वळली की आपल्याच हातानं उतरवून कपाटात ठेवायच्या. पण सून अफसाना पहिल्यापासून घाईची. "अम्मी, तुमचे हात थरथरतात आता, मीच घातल्या," असं सांगून ती मोकळी झाली आणि त्याच दमात म्हणाली, "यासीनभाईंचा फोन आलता. मुलाकडची मंडळी कवलापूरच्या पुढं आली. मेंदीचं ताट बी आणाय लागल्यात, मेणबत्त्या लावून."

नूरजहां ताडकन उठली.

"मेणबत्त्या न्हाईत," ती म्हणाली. "सांग यासीनला, सोयरीक त्यानंच जमवलीय. आमच्यात मंगनीला दिवा लावत न्हाईत."

"सांगितलं की. ते म्हणाले, त्यांच्यात लावत्यात."

नूरजहांच्या घरात मंगनीच्या दिवशी दिवा नाही, मेणबत्ती नाही, ऊद-लोबान नाही. गॅससुद्धा सकाळीच आटपून बंद. लग्नात हवा तेवढा झगमगाट करा, पण मंगनी बिनदिव्याची. हा रिवाज तिनं माहेराहून आणला होता, पाटल्यांबरोबरच. जावा-नणंदा आयुष्यभर त्यावरून हसल्या. कुणी म्हणायचं मन्नत असेल, कुणी म्हणायचं खोड आहे. मुलाच्या मंगनीला पाटल्यांचा संबंध नाही, म्हणून अफताबच्या वेळी अफसानाच्या माहेरी खुशाल समया पेटल्या आणि रिवाज मोडला म्हणून कुणाचं काही वाकडं झालं नाही. तेव्हापासून अफसानानं तो रिवाज जमेतच धरला नव्हता.

मधल्या खोलीत मिस्बाह आरशापुढं बसली होती. कोपरापर्यंत हिरव्या चुड्या आणि पुढं त्या दोन रुंद पाटल्या. वरून लाल-सोनेरी बेगड, त्यात बारीक आरसे बसवलेले. घरात सगळ्यांना त्या लाखेच्या वाटत. नूरजहांनं दार लोटून घेतलं आणि नातीचा हात धरला.

"काढ ह्या."

"दादी, साबण लावून चढवल्यात! उन्हानं हात सुजलेत. निघणार नाहीत."

नूरजहांनं अंगठा दुमडून ओढून पाहिलं. पाटली कुरकुरली. मिस्बाह कळवळली. आणखी ओढलं असतं तर पाटलीच मोडली असती, इतकी जुनी झालेली ती. नूरजहांनं हात सोडून दिला.

"काय झालं, दादी? तुम्ही घामाघूम झालाय."

"मेणबत्तीपाशी हात न्यायचा न्हाई. काय बी झालं तरी. तासगावच्या त्या म्हाताऱ्या बाईनं धरून वडला तरी न्हाई."

"पण का?"

नूरजहांनं तिच्या डोक्यावरची ओढणी सारखी केली. आयुष्यभर या प्रश्नापुढं ती गप्पच राहिली होती. खाली गाडीचं दार वाजलं.

*

कारण सांगायचं म्हणजे खातूनबीचं सांगावं लागलं असतं.

खातूनबी म्हणजे नूरजहांची आई. विश्रामबागेतल्या या घरात तिचं नाव अदबीनं घेतलं जाई. गल्लीतल्या तीन पिढ्यांच्या मुलींना तिनं कुराण वाचायला शिकवलं, म्हणून तिला उस्तादबी म्हणत. ते खरंच होतं. पण ते तिच्या आयुष्याचं शेवटचं टोक. पहिलं टोक साताऱ्यातलं.

जत्रेच्या तंबूत तेव्हा मुका सिनेमा लागायचा. एक रीळ संपून दुसरं चढेस्तोवर पब्लिक शिट्ट्या मारी, कनाती ओढी. म्हणून मालकानं पडद्यापुढं नाचायला एक पोरगी ठेवली. रीळ चढलं की नाच अर्ध्यात तोडून बाजूला पळायचं. ती पोरगी म्हणजे खातून. फलकावर मात्र नाव मिस तारामंजिरी. नाचता नाचता ती एका कंपनीच्या नजरेत भरली आणि तीन मूकपटांत दिसली. मग असंही झालं की पडद्यावर तीच आणि रीळ बदलताना पडद्यापुढंही तीच. लोकांना वाटे, बाई चित्रातून उतरून आली.

पुढं बोलपट आले. कंपनीनं सांगितलं, बोल. ती बोलली, तर तोंडात दखनी, इकडची घरगुती उर्दू! हिरॉईनच्या तोंडी ती भाषा चालेना. कंपनीनं रजा दिली. मग नाच, नकला, गाणी आणि जादूचे प्रयोग एकाच तिकिटात दाखवणाऱ्या मंडळीबरोबर ती मिरज, बेळगाव, हुबळी अशी हिंडली. गुडघे बोलायला लागले तेव्हा सांगलीच्या एका मणेराशी निकाह लावला आणि बुरख्यात गेली.

मणेर बांगड्या करी. तेव्हा सिनेमावाले जुनी रिळं शेराच्या भावानं भंगारात काढत आणि बांगडीवाले ती उचलत. रीळ गरम सोड्याच्या पाण्यात घातलं की चित्र सुटून जाई आणि मागं काचेसारखी पट्टी उरे. तिच्या बांगड्या छान व्हायच्या, हलक्या नि स्वस्त. खातूनबी नवऱ्याच्या जोडीनं रिळं धुवायला बसे. एक दिवस धुता धुता हातात आलेली पट्टी तिनं उजेडाला धरली, तर त्यात तीच नाचत होती. तो तिचा शेवटला सिनेमा. अर्ध्याहून जास्त धुऊन झाला होता.

तिनं बाकीचाही धुतला. फक्त एक पट्टी ठेवली, एका पाटलीपुरती. तिच्यावर सरसानं बेगड डकवली, दिसायला जोड हवी म्हणून दुसरी पाटली धुतलेल्या पट्टीची केली आणि तिच्यावरही बेगड लावली. "माझ्या पोरीबाळींच्या हातात मी नाचीन," एवढंच ती नवऱ्याला म्हणाली. नूरजहांला हे तिनं लग्नाच्या आदल्या दिवशी सांगितलं. सोबत बजावलं, विस्तवापासून जप. ते सांगायची गरज नव्हती. नूरजहांनं लहानपणी बापाचं दुकान जळताना पाहिलं होतं. कामगाराच्या बिडीची ठिणगी पट्ट्यांच्या ढिगावर पडली आणि ढीग भडकला. वाळू टाकली तर वाळूखाली जळत राहिला. पाणी टाकलं तर पाण्यात जळत राहिला. बाप ओळखू येईना असा बाहेर आला, आणि तशात गल्ली म्हणाली, नाचणारीचा पायगुण. त्यांनी गल्ली सोडली, गल्लीबरोबर तारामंजिरीही सोडली; नव्या गल्लीत खातूनबी उस्तादबी झाली. नूरजहां अजूनही काडी ओढल्याचा आवाज आला की मान वळवते.

*

तासगावकरांनी खोली भरली. मुलाचे वडील महंमद, बेदाण्याचे व्यापारी, बोलायला मऊ. मुलगा जुनेद कोपऱ्यातल्या खुर्चीवर अंग चोरून बसला. आणि मधोमध सोफ्यावर महंमदची थोरली बहीण, जुनेदची फुफी हलीमाबी. त्या घरात पान हलायचं ते तिच्या शब्दानं. सोयरीक जमवली यासीननं, नूरजहांच्या पुतण्यानं, आणि ती जमली कशावर तर एका गोष्टीवर.

"लय स्थळं सांगून आली, नूरजहांआपा," हलीमाबी म्हणाली. "पण मी महंमदला म्हणलं, उस्तादबींची पणती हाय. घराणं बग. पैसा काय, आज हाय, उद्या न्हाई."

"मेहरबानी तुमची," नूरजहां म्हणाली. तिचा डोळा ताटावर होता.

पितळेचं मोठं ताट. कडेनं मेणबत्त्यांचं कडं, मध्ये हात ठेवण्यापुरती जागा आणि बाजूला मेंदीची वाटी. अजून पेटवल्या नव्हत्या. शेजारी बेदाण्यानं भरलेलं तबक.

"हलीमाआपा, तेवढ्या मेणबत्त्या राहू द्या," नूरजहां म्हणाली. "आमच्यात मंगनीला दिवा नसतो."

"यासीन म्हणाला खरं. पण का नसतो?"

"रिवाज हाय."

"रिवाजाला काय तरी कारण असतंय की. आमच्यात पोरीचा हात उजेडात मेंदीला लागावा, म्हंजे तिचा संसार उजेडाचा हुतो, म्हणून लावत्यात. तुमचं काय?"

 यासीननं मध्येच तोंड घातलं. "चाचींना विस्तवाचं भ्या हाय, फुफी. लहानपणी घर जळलेलं बगितलंय. बाकी काय न्हाई."

"मग बरं झालं सांगितलंस. आमी जवळच हाय. घर काय जळत न्हाई."

सगळे हसले. अफताबही हसला. रिवाजाचा विषय निघाला तर आईच्या बाजूनं बोलायचं असं त्यानं सकाळी कबूल केलं होतं. आता यासीननं डोळे वटारले तसा तो खुर्चीत पुढं सरकला. "अम्मी, पाच मिनटांचा प्रश्न हाय. पावण्यांचं मन मोडायचं का?"

"अफताब, मी तुला काय सांगितलंतं?"

"कारण सांग, मग मी बोलतो. कारणच न्हाई तर मी बोलू काय?"

आपला पोर दुसऱ्याच्या पारड्यात गेला, हे तिला तेव्हाच दिसलं. त्याच्यावर रागावायचीही सोय नव्हती. त्यानं काही चुकीचं विचारलं नव्हतं.

मिस्बाहला आणून बसवलं. हलीमाबीनं स्वतः काडी ओढली. नूरजहांची मान वळली. एक, दुसरी, तिसरी, मेणबत्त्या लागत गेल्या. ती उठली आणि भिंतीवरचं बटण फिरवून पंखा पुऱ्या वेगानं सोडला. सगळ्या विझल्या.

"उकडतंय," ती म्हणाली.

"अम्मी!" अफसानानं पंखा बंद केला आणि जाता जाता सासूच्या कानाशी पुटपुटली, "पोरीचं वाटोळं कराय बसलाय का तुमी?"

पुन्हा काडी. पुन्हा कडं पेटलं. हलीमाबीच्या चेहऱ्यावरचं हसू आता आखडलं होतं. "आपा, खरं सांगू? उस्तादबींच्या घरात असला वहम, असलं खूळ असंल असं मला वाटलं नव्हतं. ये बेटा, हात दे."

मिस्बाहनं दादीकडं पाहिलं. हात मांडीवरच ठेवला. "फुफी, मेणबत्त्यांच्या बाहेर लावली मेंदी तर?"

"का गं? तुला बी भ्या वाटतंय?"

"मिस्बाह, हात दे," यासीन म्हणाला. खोलीतले सगळे तिच्याकडं बघत होते. अफसानाच्या डोळ्यात पाणी यायचं बाकी होतं. पोरगी किती वेळ तग धरणार? तिनं दोन्ही हात उचलले.

नूरजहांला आता खोलीत दुसरं काही दिसेना. फक्त ते हात, दोन मेणबत्त्यांच्या मधून आत जाणारे. हलीमाबीनं बोटाला मेंदी घेतली. मिस्बाहच्या डाव्या पाटलीची कड ज्योतीच्या अगदी बाजूला आली. ज्योत वाकली, सरळ झाली, परत वाकली. सांगितलं तर सोयरीक जाते. नाही सांगितलं तर. पुढचं तिनं एकदा पाहिलेलं होतं.

तिनं पाण्याचा जग उचलला आणि ताटात रिता केला.

मिस्बाहनं किंचाळून हात मागं घेतले. घेताना डावी पाटली ताटाच्या काठावर आपटून मोडली. तिचा नखाएवढा तुकडा उडाला तो विझायची राहिलेल्या एकुलत्या एक मेणबत्तीवर पडला.

भस्सकन ज्वाळ उठली. हातभर उंच, पिवळीजर्द. कुणी ओरडायच्या आत ती विझूनही गेली. हलीमाबीच्या ओढणीची कड काळी पडली होती आणि खोलीत काहीतरी औषधासारखा उग्र वास सुटला होता. महंमद उभा राहिला होता, तो तसाच राहिला.

"या अल्ला," हलीमाबी म्हणाली. "हे काय हुतं?"

 नूरजहांच्या हातात रिकामा जग होता. तिनं तो खाली ठेवला. आता भिऊन उपयोग नव्हता.

"फिल्लम," ती म्हणाली. "ती लाख न्हवं. सिनेमाची फिल्लम हाय ती. माझा बाप फिल्लमच्या बांगड्या करायचा. त्यातच दुकान जळलं त्याचं. म्हणून आमच्यात दिवा लावत न्हाईत. झालं कारण?"

यासीन पुटपुटला, "चाची, बस करा."

हलीमाबीनं मात्र ऐकलं ते ऐकलंच. पोळलेली ओढणी चाचपत ती म्हणाली, "मग असल्या पाटल्या पोरींच्या हातात कशापायी घालता? फेकून द्यायच्या."

"आईनं केलेल्या हायत."

"आईनं केल्या म्हणून आग हातात बांधायची?"

"तिच्यात ती हाय," नूरजहां म्हणाली.

"कोण?"

"माझी आई. उस्तादबी. सिनेमात नाचायची ती. त्याच्या आदी तंबूत, पडद्यापुढं. तिचं एवढंच मागं ऱ्हायलंय."

नूरजहांनं अफताबकडं पाहिलं. तो जमिनीकडं बघत होता. अफसानानं तोंडावर हात ठेवला होता.  हलीमाबीनं हाताला लागलेली मेंदी रुमालानं पुसली, एकेक बोट नीट पुसलं आणि ती उठली.

"महंमद, चला."

"फुफी, आवं बसा की," यासीन हात जोडत तिच्या पुढं गेला. "जेवण तयार हाय."

"जेवाय परत येऊ. आधी घरात बोलाय पायजे." दारात पोचल्यावर ती नूरजहांकडं वळली. "तुमी पोरीला वाचवलं, ते मी बगितलं. पण पावण्यांना असं अंधारात ठेवायचं नसतं. कळवतो."

कळवतो या शब्दाचा अर्थ त्या खोलीत सगळ्यांना ठाऊक होता. जुनेद सगळ्यांच्या मागं निघाला. मिस्बाहपाशी क्षणभर थांबला, "हात भाजला नाही ना?" एवढं विचारलं आणि फुफीनं हाक मारताच गेला. बेदाण्याचं तबक तसंच राहिलं, विसरून की ठेवून, ते कुणाला कळलं नाही.

*

पाहुण्यांची गाडी वळते न वळते तोच यासीनचा तोल सुटला. "झालं समाधान? तीन महिने खपलो मी! आणि तुमी सरळ सांगताय, आई नाचायची! थोडं जळलं असतं तर मलम लावलं असतं!"

"थोडं जळत न्हाई ते," अफसाना म्हणाली. ती पोरीचा ओला हात कुरवाळत होती. "बगितलं न्हाईत का तुमी? हातच गेला असता माझ्या पोरीचा. आणि मीच घातल्या होत्या." मग सासूकडं वळून ती ओरडली, "मला सांगायचं नव्हतं का, अम्मी? मी काय परकी हाय? एवढी वर्षं एकट्यानं भीत बसलाय!"

नूरजहांला त्या ओरडण्याचा राग आला नाही. उलट कुणीतरी खांद्यावरचं ओझं हिसकावून घेतल्यासारखं वाटलं. अफताब उठून यासीनला खांद्याला धरून बाहेर घेऊन गेला. "चल, चहा पिऊ कोपऱ्यावर. घरात न्हाई," तो म्हणाला.

"दादी, ही बघा," मिस्बाह म्हणाली.

पाण्यानं उजव्या पाटलीचा सरस विरघळला होता. बेगड फुगून सुटली होती, आरसे एकेक करून मांडीवर पडत होते. ओल्या हातावरून पाटली आता अलगद निघाली. मिस्बाहनं ती पुसायला ओढणी घेतली.

"पुसू नगंस!"

नूरजहां अशी ओरडली की मिस्बाहचा हात जागीच थांबला.  पाण्यानं चित्र जातं. अख्खी रिळं गेली होती बापाच्या कढईत. नात वाचली, पण त्याच पाण्यात आई वाहून गेली असेल तर? तिनं स्वतः कधी बेगड सोलून पाहिली नव्हती, उगाच चित्र दुखावेल म्हणून. आत काही आहे, हेसुद्धा फक्त आईच्या शब्दावर.

"खिडकीपाशी धर," ती म्हणाली. "हलक्या हातानं."

खिडकीत दुपारचं ऊन होतं. मिस्बाहनं पाटली उभी धरली. कडेनं थोडं ढगाळ झालं होतं, एक चौकट पार पुसली होती. बाकीच्या होत्या. प्रत्येक चौकटीत एक बाई, काळ्या-करड्या रंगात, बोटाच्या पेराएवढी. घागरा, कपाळावर बिंदी.

"एकसारखीच आहेत सगळी," अफसाना म्हणाली.

"नाही अम्मी. हात बघ." मिस्बाहनं पाटली बोटांत धरून फिरवली.

बाईचा हात कमरेवरून उचलला, छातीशी आला, वर गेला, कपाळाशी टेकला. पुसलेल्या चौकटीपाशी ती नाहीशी झाली आणि परत कमरेवर हात ठेवून उभी राहिली. नूरजहांनं आईला शेगडीपुढं बसलेलं पाहिलं होतं, मुलींना सबक देताना, आजारात कूस बदलताना. नाचताना कधी पाहिलं नव्हतं. ती पुढं वाकली. चष्म्याच्या आत पाणी आलं, तरी तिला तो पुसायचं सुचेना.

"परत," ती म्हणाली.

मिस्बाहनं परत फिरवली. मग पुन्हा. अफसाना त्या दोघींच्या मागं येऊन उभी राहिली होती.

"उद्या कुणाला तरी विचारते, ही कशी सांभाळायची," मिस्बाह म्हणाली. "हातात घालायची नाही आता. आणि दादी, तासगावकर काय कळवायचं ते कळवू देत."

"व्हय," नूरजहां म्हणाली, "कळवू देत." मग तिला सवयीनं आठवलं. "अफसाना, आज गॅस पेटवू नगंस. ही घरात हाय तवर."

बिर्याणी सकाळचीच होती, गार झालेली. चहा बाहेरून आणावा लागणार होता. दर मंगनीला या घरात कुणी ना कुणी कपाळाला आठी घालून विचारायचं, का म्हणून. अफसाना उठली, स्वयंपाकघरात गेली आणि शेगडीचं नव्हे, सिलिंडरचंच बटण फिरवून बंद करून आली. तिनं काहीही विचारलं नाही.